समोरून की पाठीमागून?

गेल्या दिवाळीत आमच्या घरी फराळाच्या डब्यांच्या जोडीला एक जपानी बेटही आले. माझा भाचा मंदार पुण्याला इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षात शिकतो. सुट्टीसाठी तो आला तो आपले खेळाचे यंत्र बरोबर घेऊनच. आल्या आल्या त्याने ते टीव्हीला जोडले आणि आमच्या बाहेरच्या खोलीत एकाएकी वारा सुटला. पांढऱ्या तुऱ्यांचे गवत डोलू लागले, लाल पाने झडू लागली आणि त्या गवतातून घोड्यावर बसलेला एक सामुराई पुढे आला. आत सौभाग्यवती चकल्या तळीत होती. आई सोऱ्या तसाच ठेवून बाहेर येऊन खुर्चीत बसली. मी थांबलो तो रंगांसाठी. मॅट्रिक झाल्यावर चित्रकला शिक्षकाची पदविका घेतली, तेव्हापासून वीस-बावीस वर्षे मी मुलांना रंग कालवायला शिकवितो आहे. असा तांबडा आणि असा पिवळा पाहिल्यावर पाय निघेना.

पण थोड्याच वेळात रंग मागे पडले आणि एक प्रश्न पुढे आला. शत्रूची छावणी दिसली की मंदार थांबे आणि मान न वळविता विचारी, "मामा, समोरून जाऊ की पाठीमागून?"

समोरून जावयाचे म्हणजे छावणीपुढे उभे राहून शत्रूला उघड आव्हान द्यावयाचे. पाठीमागून जावयाचे म्हणजे गवतातून सरपटत जाऊन पहारेकऱ्याच्या पाठीत कट्यार खुपसावयाची. खेळात दोन्हींची सोय आहे. मी शिक्षकाच्या सवयीने म्हणालो, "समोरून जा. त्यात विचारायचं काय?" दोन मिनिटांत त्याचा सामुराई पाच-सहा मंगोलांच्या गराड्यात सापडून आडवा झाला.

"बघ," मंदार म्हणाला, "तुझ्या तत्त्वानं माणूस मेला."

या वाक्याला उत्तर मला त्या वेळी सुचले नाही. ते शोधता शोधता मी भलत्याच ठिकाणी जाऊन पोहोचलो. कसा, ते सांगण्यासाठी हा लेख.

खेळाचे नाव 'घोस्ट ऑफ त्सुशिमा', म्हणजे त्सुशिमाचे भूत. तो अमेरिकेतल्या सकर पंच या मंडळींनी तयार केला आणि २०२० च्या जुलैमध्ये बाजारात आणला. त्सुशिमा हे खरेखुरे बेट आहे. जपान आणि कोरिया यांच्यामधल्या समुद्रात ते वसले आहे आणि कोरियाचा किनारा तेथून अवघा ५० किलोमीटर आहे. १२७४ साली कुब्लाईखानाचे आरमार जपानवर चालून आले तेव्हा त्याच्या वाटेत पहिले लागले ते हे बेट. तेथला सरदार सो सुकेकुनी कोमोदाच्या किनाऱ्यावर त्याला आडवा गेला. त्याच्याबरोबर ८० स्वार होते असे परंपरा सांगते. समोर हजारोंची फौज होती. ते सगळे तेथेच पडले. पुढे १२८१ साली मंगोल पुन्हा आले, तेव्हा वादळाने त्यांचे आरमार बुडविले आणि त्या वादळाला जपानी लोकांनी 'कामिकाझे', देवाचा वारा, म्हटले. ८० स्वार आणि देवाचा वारा, या दोन गोष्टी जपानच्या आख्यायिकांत कायमच्या जाऊन बसल्या. खेळातही वाट दाखवायला बाण किंवा पाटी नाही. वारा ज्या दिशेने वाहील ती वाट.

"नुसता खेळच की तो," असे कुणी म्हणेल. मीही तसेच म्हणत होतो. मग मंदारने एक हकीकत सांगितली. २०२० च्या सप्टेंबरात त्सुशिमाला वादळाचा तडाखा बसला आणि तिथल्या वातात्सुमी देवस्थानाची एक कमान कोसळली. ती पुन्हा उभारण्यासाठी ५० लाख येन हवे होते. ठिकठिकाणच्या लोकांनी, आणि त्यांत हा खेळ खेळलेले पुष्कळ होते, २ कोटी ७० लाखांहून अधिक येन जमविले. पडद्यावरच्या बेटावर हिंडता हिंडता खऱ्या बेटाची माया जडली म्हणा ना. कादंबरी लिहिणाऱ्या माणसाला याचे नवल वाटू नये. गोष्ट खोटी असते हे सांगणाऱ्याला आणि ऐकणाऱ्याला दोघांनाही ठाऊक असते, म्हणून ती कुणाला फसवीत नाही. फसविते ते खोटे निराळे. त्याच्याकडे मी पुढे येणारच आहे.

खेळाची गोष्ट अशी. जिन साकाई हा तरुण सामुराई कल्पित आहे, पण कोमोदाच्या त्या ८० जणांत त्याला बसविला आहे. लढाईच्या आरंभी एक वीर रिवाजाप्रमाणे एकटा पुढे होतो आणि मंगोलांच्या सेनापतीला द्वंद्वाचे आव्हान देतो. सेनापती आपल्या हातातले मद्य त्याच्या अंगावर उडवितो, मशाल लावून त्याला पेटवितो आणि त्याचे मुंडके उडवितो. हा सेनापती खोतुनखान जपानी भाषा आणि रीतिरिवाज शिकून आलेला असतो. ज्याला तुमचा धर्म पाठ आहे तो शत्रू तुमच्या धर्माचाच फास करतो. बाकीचे वीर कापले जातात. जिनला एक चोरटी बाई वाचविते आणि त्याचा मामा खानाच्या हाती सापडतो.

मामा म्हणताच आमच्या घरात हशा पिकला. खेळात त्याला 'अंकल' म्हणतात, पण हा शिमुरा जिनच्या आईचा भाऊ. वडिलांच्या मागे त्यानेच जिनला वाढविले आणि शस्त्र धरावयास शिकविले. त्याची शिकवण एकच: ज्याचा जीव घ्यावयाचा त्याच्यापुढे उभे राहा आणि त्याच्या डोळ्यांत पाहा. पाठीमागून मारणारा तो भ्याड. आता एकटा उरलेला जिन त्याच मामाला सोडविण्यासाठी त्याचीच शिकवण मोडतो. पहिल्यांदा पहारेकऱ्याच्या पाठीत कट्यार घालताना त्याला लहानपणी मामाने दिलेला धडा आठवतो. हात थांबतो, पण क्षणभरच.

आई म्हणाली, "मामाला मारणारा भाचा ऐकला होता. मामासाठी चोर झालेला आजच पाहते."

मामा सुटतो, किल्ला परत घ्यायची वेळ येते आणि खरा तंटा तेथे सुरू होतो. मामा समोरून चाल करतो. माणसे किड्यामुंग्यांसारखी मरतात. उद्या पुन्हा समोरूनच जावयाचे असे तो ठरवितो. जिनला ते पाहवत नाही. रात्री तो एकटा किल्ल्यात शिरतो आणि मंगोलांच्या पेयात, घोडीच्या आंबविलेल्या दुधात, बचनागाचे विष कालवितो. सकाळी किल्ला ताब्यात येतो. आपल्या बाजूचा एकही माणूस न गमावता येतो. आणि मामा भाच्याला म्हणतो की तू कुळाला काळिमा लावलास.

"आता सांग, कोण बरोबर?" मंदारने विचारले.

मी इतिहासाची पुस्तके काढून बसलो, आणि प्रामाणिकपणे सांगतो, पारडे भाच्याकडेच झुकले. ज्या सामुराई धर्माची मामा एवढी शपथ वाहतो तो त्या स्वरूपात पुष्कळ पुढचा. जपानमध्ये सतराव्या शतकापासून अडीचशे वर्षे शांतता नांदली. लढाया संपल्या, तलवारी कमरेलाच राहिल्या, आणि त्या निवांतपणात वीराने कसे जगावे नि मरावे याची सूत्रे लिहिली गेली. 'हागाकुरे' हे त्यांतले नावाजलेले पुस्तक अठराव्या शतकाच्या आरंभीचे. ते ज्याने सांगितले त्या यामामोतो त्सुनेतोमोच्या वाट्याला लढाई कधी आलीच नव्हती. 'बुशिदो' हा शब्द जगभर झाला तो नितोबे इनाझो यांच्या १९०० सालच्या इंग्रजी पुस्तकामुळे.

मग १२७४ चा खरा वीर कसा होता? सुदैवाने एकाची हकीकत त्याने स्वतःच चित्रांत मांडून घेतली आहे. ताकेझाकी सुएनागा त्याचे नाव. त्या स्वारीत तो चार अनुचरांनिशी लढला आणि जखमी झाला. बक्षीस मिळाले नाही, तेव्हा घोडा आणि खोगीर विकून कामाकुराच्या दरबारी गेला आणि ते मागून घेतले. १२८१ साली मंगोलांच्या जहाजांवर चालून जावयाचे होते आणि याला होडी मिळेना. तेव्हा वरिष्ठांचा गुप्त हुकूम आहे अशी चक्क थाप मारून तो दुसऱ्याच्या होडीत चढला. शिरस्त्राण जवळ नव्हते, म्हणून पोटरीवरची कवचे डोक्याला बांधली. त्याच मोहिमेत जपानी वीर लहान होड्यांतून रात्री जहाजांवर छापे घालीत असत. सुएनागाला आपल्या थापेची लाज वाटलेली दिसत नाही. त्याने ती लिहवून घेतली आहे.

"महाराजांनी लाल महालात शिरण्याआधी शाहिस्तेखानाला काय निरोप धाडला होता?" मंदारने विजयी स्वरात विचारले. तेही खरे. दुबळ्याने बलाढ्याशी लढताना त्याच्या सोयीचे मैदान नाकारले तर त्यात अधर्म कसला? छापा घालणाराही आपला जीव पणाला लावतोच. समोरून जाण्याचा आग्रह पुष्कळदा ज्याच्याजवळ फौज आहे त्याला परवडतो. आणि आपले हात स्वच्छ राहावेत म्हणून दुसऱ्यांची मुले किल्ल्याच्या भिंतीखाली मरू देणे याला धर्म म्हणावयाचे, तर त्या धर्माचा हिशेब कुणीतरी मागितला पाहिजे.

एवढ्यावर मी हार मान्य करणार होतो. पण खेळ तेथे संपत नाही.

जिनच्या विषाची कृती खानाच्या हाती लागते. घोडीच्या दुधात कालविलेला बचनाग फिरून बेटावर येतो आणि या वेळी तो शेतकऱ्यांच्या, कोळ्यांच्या तोंडी जातो. ज्यांना वाचविण्यासाठी विष केले त्यांच्याच घरांतून प्रेते निघू लागतात. मंदारचा घोडा त्या गावांतून चालू लागला तेव्हा तो गप्प होता. मीही गप्प होतो, पण माझ्या गप्प होण्याचे कारण जपानमध्ये नव्हते.

अकरा-बारा वर्षांपूर्वीची गोष्ट. आमच्या गावची शाळा आठवीपर्यंत. पुढे शिकायचे तर तालुक्याला राहावे लागे. आठवीतली एक हुशार मुलगी वडील घरी बसविणार होते. फी नव्हतीच, पण खाणावळीचे पैसे कोण देणार, हा त्यांचा सवाल. मी देतो म्हटले असते तर त्या मानी माणसाने मला उंबऱ्यातूनच परत पाठविले असते. म्हणून मी एक युक्ती केली. वर्गातल्या मुलांची चित्रे जमा केली, एका मोठ्या स्पर्धेसाठी पाठवितो म्हणून सांगितले, आणि महिन्याभराने जाहीर केले की या मुलीचा पहिला क्रमांक आला, बक्षीस म्हणून दोन वर्षे खाणावळीचा खर्च मिळणार. स्पर्धा नव्हतीच. पैसे माझ्या पगारातले होते. मुलगी शिकली. आज ती परिचारिका आहे. कितीतरी माणसे तिच्या हाताने बरी होऊन घरी जात असतील. त्या थापेबद्दल मला कधी वाईट वाटले नाही, आजही वाटत नाही.

पण निकाल जाहीर केल्यानंतर चार दिवसांनी दुसऱ्या एका मुलीचे वडील शाळेत आले. मुलगी त्यांच्या मागे दाराच्या चौकटीला धरून उभी होती. ते म्हणाले, "गुरुजी, आमच्या पोरीचा हात वर्गात सगळ्यांत चांगला, असं तुम्हीच म्हणाला होता. मग तिचा नंबर कसा नाही आला?"

खरे होते. तिचा हात वर्गातच काय, माझ्या साऱ्या नोकरीत मी पाहिलेल्या मुलांत चांगला होता. पण माझा पगार एका मुलीपुरताच होता. खरे सांगावे तर पहिलीची शाळा सुटणार. मी म्हणालो, "परीक्षकांना ते चित्र जास्त आवडलं." चौकटीवरचा हात खाली आला. एवढेच मी पाहिले, आणि मान खाली घालून हजेरीपटात काहीतरी लिहू लागलो. तिचे शिक्षण तेथेच थांबले. ते कदाचित तसेही थांबले असते. पण जी स्पर्धा झालीच नाही तिच्यात मी तिला हरविले होते, आणि त्या हरण्यावर तिने विश्वास ठेवला होता, कारण सांगणारा तिचा शिक्षक होता.

युधिष्ठिराचा रथ जमिनीपासून चार बोटे वर चालत असे आणि द्रोणांना फसविणारे ते अर्धे खोटे बोलताच तो खाली टेकला, ही गोष्ट आई आम्हांला लहानपणी सांगे. मला नेहमी वाटे, एवढ्याने काय बिघडले? रथ तर सगळ्यांचेच जमिनीवर चालतात. त्या संध्याकाळी मी ती गोष्ट पुन्हा काढली तेव्हा आई म्हणाली, "रथाचं जाऊ दे. त्या खोट्यानं बाप मेला, आणि त्याचा सूड म्हणून अश्वत्थाम्यानं रात्री झोपेत कापली ती द्रौपदीची पोरं. ती कुठं खोटं बोलली होती?"

मला जे महिनोन्‌महिने शब्दांत सापडले नसते ते आईने चकलीचा तुकडा मोडता मोडता सांगितले. समोरून की पाठीमागून, हा प्रश्न करणाऱ्याविषयीचा आहे. माझे हात कसे राहतील, माझे नाव काय होईल, एवढेच तो विचारतो. मामा त्या प्रश्नात अडकला होता, आणि मंदारबरोबर मीही. खरा प्रश्न असा की याची किंमत शेवटी कुणाच्या घरी वसूल होणार? समोरून जाणाऱ्या मामाची किंमत शिपायांनी दिली. पाठीमागून जाणाऱ्या जिनची किंमत कोळ्यांनी दिली. फुकट कुणाचेच झाले नाही. आडवाट धरावीच लागते असे प्रसंग आयुष्यात येतात, आणि अशा वेळी सोवळे सांभाळीत बसणारा माणूस मला आजही आवडत नाही. पण आडवाटेने गेलेल्याने काम फत्ते झाले म्हणून हिशेब मिटला असे समजू नये.

आणि मग मला मामाची ती शिकवण निराळीच दिसू लागली. डोळ्यांत पाहा, असे तो म्हणत होता. ते त्याने फक्त शत्रूपुरते लावले हीच त्याची चूक. मारताना शत्रूच्या डोळ्यांत पाहणे त्या मानाने सोपे आहे. आपल्या चांगल्या कृत्याची किंमत ज्या तिऱ्हाइताने दिली त्याच्या डोळ्यांत पाहणे फार कठीण. मी त्या दिवशी हजेरीपटात पाहिले होते.

भाऊबीजेच्या आदल्या रात्री मंदारचा खेळ शेवटास आला. खानाचा पराभव झाला होता, पण जिनचे कूळ बुडविण्याचा आणि त्याला ठार करण्याचा हुकूम शोगुनाकडून आला होता, आणि हुकूम बजावणारा होता मामा. दोघे शेजारी बसून मरणापूर्वीची कविता रचतात. (ती हायकूच्या घाटाची आहे. १२७४ साली तशा स्वतंत्र हायकू नव्हत्या, पण ते असो.) मग लढतात. मामा हरतो आणि वीराचे मरण मागतो. येथे खेळ थांबतो आणि खेळणाऱ्याला विचारतो: मामाला मारून त्याची इच्छा पुरी करावयाची, की त्याचा धर्म झिडकारून त्याला जिवंत सोडावयाचे? तिसरी वाट नाही.

मंदारने या वेळी मान वळविली. "मामा, काय करू?"

मी उत्तर दिले नाही. मी उठून आतल्या खोलीत गेलो होतो. कपाटाच्या तळाशी जुन्या परीक्षांच्या कागदांखाली ती चित्रे एका सुरळीत अजून होती. वर्गातल्या साऱ्यांची होती. कुठे पाठवायची नव्हतीच, आणि टाकून द्यायचे धैर्यही झाले नव्हते.

भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी मी एस.टी.ने तिच्या सासरी गेलो. दीड तासाची वाट. दारात रांगोळी होती, बाजारात मिळते ती छापाची. वर्गात जिचा हात सर्वांत चांगला, तिच्या दारात छाप. मी ओटीवर बसलो आणि सगळे सांगितले. पहिलीचे नाव सांगितले, पगाराचे सांगितले, स्पर्धा नव्हती हे सांगितले. सांगताना तिच्याकडे पाहिले. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "सर, आधी सांगायचं होतंत."

यावर मजजवळ उत्तर नव्हते. मी सुरळी पुढे केली. तिने आपले चित्र ओळखले. पोळ्याचा बैल होता, झूल पांघरलेला. तिची पाच-सहा वर्षांची मुलगी येऊन मांडीला टेकली आणि दोघी पाहू लागल्या. थोड्या वेळाने ती म्हणाली, "मागचा पाय चुकलाय."

"चुकलाय," मी म्हणालो. "पण तेवढाच."

ती हसली की नाही, मला सांगता येणार नाही. तिने चहा केला, तो मी घेतला. निघताना तिने मुलीला माझ्या पाया पडायला सांगितले, तेव्हा मी मागे सरलो. सुरळी मी तिथेच ठेवली. अकरा वर्षे परत देता येत नाहीत. एक कागद तेवढा देता आला.

घरी आलो तेव्हा मंदार यंत्राच्या तारा गुंडाळून पिशवीत भरीत होता. शेवटी त्याने काय निवडले ते त्याने सांगितले नाही आणि मीही विचारले नाही. "सकाळपासून होतास कुठं?" त्याने विचारले.

"समोरून जाऊन आलो," मी म्हणालो, आणि पाय धुवायला मोरीकडे वळलो.